नाव कोणी ठेवलंय ते आधी ओळखा: विचित्र फाईलनावं आणि शोधओळी वाचायची रीत

सोसायटीच्या ग्रुपवर ‘आयएमजी-२०२५०७०७-डब्ल्यूए००१२.जेपीजी’ येतं. शिक्षकांच्या ग्रुपवर नुसता अठरा अंकी आकडा आणि पुढे ‘.पीडीएफ’ येतं. कुणीतरी दीड ओळीची लिंक टाकतं, तिच्यात टक्क्यांच्या खुणांशिवाय काही दिसत नाही. कॉलेज रोडवरची पोरं त्याकडे बघतही नाहीत. पण नुकताच स्मार्टफोन किंवा लॅपटॉप हाती आलेला माणूस एकतर घाबरतो, नाहीतर सरळ बोट ठेवून मोकळा होतो. दोन्हींची गरज नाही. एमएच-१५ म्हणजे नाशिकची गाडी आणि एमएच-४१ म्हणजे मालेगावची, हे आपण बघता बघता शिकलो. फाईलनावांचंही तसंच आहे.

पहिला प्रश्न ‘याचा अर्थ काय’ असा विचारू नका, ‘हे नाव ठेवलं कोणी’ असा विचारा. उत्तरं चारच असतात. फोनने किंवा कॅमेऱ्याने, संकेतस्थळाने, एखाद्या माणसाने किंवा कार्यालयाने, नाहीतर भामट्याने. पहिल्या दोघांची नावं रुक्ष पण प्रामाणिक असतात. माणसाची नावं गबाळी असतात. सगळ्यात स्वच्छ, चटकन कळणारं आणि आपल्याच कामाचं वाटणारं नाव बऱ्याचदा चौथ्याचं असतं.

(इथे सगळी नावं देवनागरीत लिहिली आहेत. पडद्यावर ती रोमन अक्षरांत दिसतील.)

पायरी १: शेपटापासून वाचा

नावातल्या शेवटच्या टिंबानंतर जे येतं ते एक्स्टेन्शन. फाईल कोणत्या जातीची आहे हे तेच सांगतं, आधीचा सगळा मजकूर कुणीही काहीही लिहू शकतो. जेपीजी, पीएनजी, वेबपी, एचईआयसी ही चित्रं. एमपी४ व्हिडिओ. ओपस म्हणजे बहुधा व्हॉट्सॲपचा आवाजी निरोप. पीडीएफ, डॉक्स, एक्सएलएसएक्स ही कागदपत्रं. झिप आणि आरएआर ही गाठोडी, आत काय आहे ते सोडल्याशिवाय कळत नाही. आणि एपीके, ईएक्सई, बॅट, व्हीबीएस, एससीआर हे कागद नव्हेत. उघडले की ते फोनवर किंवा संगणकावर काम करायला लागतात.

विंडोजमध्ये एक खोड आहे. ते हे शेपूट मुळात लपवून ठेवतं. त्यामुळे ‘वीजबिल.पीडीएफ.ईएक्सई’ ही फाईल तुम्हाला ‘वीजबिल.पीडीएफ’ म्हणून दिसते आणि तुम्ही निश्चिंत होता. विंडोज ११मध्ये कोणतंही फोल्डर उघडा, वर ‘व्ह्यू’, त्यात ‘शो’, त्यात ‘फाईल नेम एक्स्टेन्शन्स’वर टिक करा. हे काम एकदाच करायचं आहे, पण बाकीचा लेख वाचण्याआधी करा.

फोनवरचा धोका एपीकेचा. ही अँड्रॉइडची ॲप बसवायची फाईल. गेली काही वर्षं लग्नपत्रिका, आरटीओचं चलान, बँकेचं केवायसी, शेतकरी योजना अशा नावांनी एपीके फिरवल्या जातात. नावात ‘एमएच१५’ घातलं की नाशिकच्या माणसाला ते आपलंच वाटतं, आणि एमएच-१५ पासिंगच्या गाड्या किती आहेत हे द्वारका सर्कलला पाच मिनिटं उभं राहिलं की कळतं. असा संवाद मग घरोघरी होतो:

“अगं, माझ्या गाडीचं चलान आलंय.”
“काका, शेपूट काय आहे त्याचं?”
“वर आरटीओचा लोगो आहे की!”
“लोगो कुणीही चिकटवतं. शेपूट वाचा.”
“एपीके.”
“मग चलान नाही ते. डिलीट करा.”

चलान हा कागद आहे, पत्रिका हे चित्र आहे. त्यासाठी ॲप बसवावं लागत नाही. खरं चलान असेल तर परिवहन खात्याच्या किंवा वाहतूक पोलिसांच्या ‘गव्ह.इन’ने संपणाऱ्या संकेतस्थळावर गाडीचा नंबर घालून दिसतं. ग्रुपवरच्या फाईलची वाट बघायचं कारण नाही. चुकून बसवलं असेल तर आधी फोनचं इंटरनेट बंद करा, दुसऱ्या फोनवरून बँकेला कळवा, आणि पैसे गेले असतील तर लगेच १९३० या सायबर हेल्पलाइनला फोन करा. उशीर झाला की पैसे अडवणं अवघड होत जातं.

एक उपकथा एचईआयसीची. आयफोनवाल्या भाचीने पाठवलेला फोटो तुमच्या जुन्या संगणकावर उघडत नाही तो याच्यामुळे. ॲपलने २०१७पासून हा प्रकार वापरायला घेतला. नाव बदलून शेवटी जेपीजी लिहिलं तर फाईल बदलत नाही, फक्त पाटी बदलते. फोटो खरोखर रूपांतरित करावा लागतो. जेएफआयएफचं मात्र उलट आहे, ते मुळात जेपीजीच असतं, तिथे नाव बदलून काम भागतं.

पायरी २: नावातली तारीख शोधा

आठ सलग अंक दिसले आणि ते २०ने सुरू होत असले, तर ती बहुतेक वेळा तारीख असते: वर्ष, महिना, दिवस. वर्ष पुढे ठेवण्याचं कारण साधं आहे, अशी नावं यादीत आपोआप क्रमाने लागतात.

आता वरचं ‘आयएमजी-२०२५०७०७-डब्ल्यूए००१२.जेपीजी’ फोडू. आयएमजी म्हणजे चित्र. व्हिडिओ असता तर व्हीआयडी, आवाजी निरोप असता तर पीटीटी. मधली तारीख ७ जुलै २०२५. डब्ल्यूए म्हणजे व्हॉट्सॲप आणि ००१२ हा त्या दिवसाचा अनुक्रमांक. इथवर सोपं आहे. अडचण पुढे आहे: ही तारीख फोटो काढल्याची नाही, तो व्हॉट्सॲपवरून तुमच्या फोनमध्ये उतरल्याची आहे.

नाशिकमध्ये हा फरक दर पावसाळ्यात महागात पडतो. गंगापूर धरणातून विसर्ग वाढला की रामकुंडावरच्या दुतोंड्या मारुतीचे फोटो फिरायला लागतात. पाणी मारुतीच्या कुठवर आलं यावर गावाचा पुराचा अंदाज ठरतो, म्हणून तो फोटो सगळ्यांना हवाच असतो. त्यात २०१९चा किंवा २०१६चा फोटो कुणीतरी पुन्हा सोडतं. तुमच्या फोनमध्ये त्या जुन्या फोटोच्या नावात आजची तारीख बसते आणि “बघा, फाईलवरच तारीख आहे” असं म्हणून तो सराफ बाजारापासून सिडकोपर्यंत पोचतो. फोटोच्या आत लपलेली मूळ तारीख आणि जागा व्हॉट्सॲप पाठवताना बहुधा काढून टाकतं, त्यामुळे तपशिलात जाऊनही काही मिळत नाही. अशा वेळी फोटो गुगल लेन्समध्ये (फोटोवरून तसेच फोटो शोधून देणारं गुगलचं साधन) टाका. तोच फोटो जुन्या बातमीत सापडला तर प्रश्न मिटला. सापडला नाही तर तो आजचाच आहे असं सिद्ध होत नाही, एवढं लक्षात ठेवा.

कॅमेऱ्याची नावं वेगळी. ‘आयएमजी_२०२५०७०७_१०१५३०’ यात तारखेनंतर वेळ आहे, सकाळचे १० वाजून १५ मिनिटं ३० सेकंद. गुगलच्या पिक्सेल फोनची नावं ‘पीएक्सएल’ने सुरू होतात आणि त्यातली वेळ जागतिक प्रमाणवेळ असते, म्हणजे आपल्या घड्याळाच्या साडेपाच तास मागे. सकाळी दहाला सोमेश्वरच्या धबधब्यावर काढलेला फोटो नावात पहाटे साडेचारचा दिसेल. फोन बिघडलेला नाही. ‘डीएससी’ने सुरू होणारी नावं निकॉन आणि सोनीच्या कॅमेऱ्यांची, आणि ती डीसीआयएम नावाच्या फोल्डरात सापडतात. त्यांचे चार अंक ९९९९पर्यंत जाऊन पुन्हा पहिल्यापासून सुरू होतात, म्हणून दोन वेगळ्या सहलींच्या फोटोंची नावं एकच निघू शकतात. एका फोल्डरात ओतताना ‘रिप्लेस’ दाबू नका.

दहा किंवा तेरा अंकी आकडा असेल तर तोही बहुधा काळच. संगणक १ जानेवारी १९७०पासूनचे सेकंद मोजतो. १७०००००००० म्हणजे भारतीय वेळेनुसार १५ नोव्हेंबर २०२३, पहाटेचे ३ वाजून ४३ मिनिटं. तेरा अंक असतील तर शेवटचे तीन सेकंदाचा हजारावा भाग दाखवतात. फेसबुकवरून उतरवलेल्या ‘एफबी_आयएमजी’ फाईलींत असाच आकडा असतो. दहा अंक बघून लोकांना मोबाईल नंबर वाटतो. आपले मोबाईल नंबर ६, ७, ८ किंवा ९ने सुरू होतात, १७ने नाही.

आणि शिक्षकांच्या ग्रुपवरचा तो अठरा अंकी आकडा? तो बहुधा शासन निर्णयाचा सांकेतांक असतो. पहिले आठ अंक पुन्हा वर्ष, महिना, दिवस. निर्णयाच्या शेवटच्या परिच्छेदात “हा शासन निर्णय संकेतस्थळावर उपलब्ध करण्यात आला असून त्याचा सांकेतांक…” अशा अर्थाचं वाक्य असतं. फाईलच्या नावातला आकडा आणि आतला आकडा जुळतो का बघा, मग राज्य शासनाच्या संकेतस्थळावर शासन निर्णयांच्या विभागात तोच आकडा घालून शोधा. तिथे मिळालेली प्रत खरी. बदल्यांच्या हंगामात हे पाच मिनिटांचं काम न करता लोक दोन दिवस वाद घालतात, त्याला माझा नाइलाज आहे.

पायरी ३: अक्षरं मोजा

काही नावांत अर्थच नसतो, आणि तसा तो नसणं हीच त्यांची ओळख असते. शून्य ते नऊ आकडे आणि रोमनमधली पहिली सहा अक्षरं एवढंच दिसलं तर लांबी मोजा. ३२ असतील तर एमडी५, ४० असतील तर एसएचए-१, ६४ असतील तर एसएचए-२५६ प्रकारचा ठसा असण्याची शक्यता मोठी. फाईलमधलं एक अक्षर बदललं तरी हा ठसा पार बदलतो, म्हणून डाउनलोड शाबूत उतरलं का हे त्याने तपासतात. मध्ये आडव्या रेघा घालून ८-४-४-४-१२ असे गट पाडलेले असतील तर तो यंत्राने काढलेला एकमेव क्रमांक. यातलं काहीही उलगडून ‘मूळ नाव’ निघणार नाही, प्रयत्न सोडा.

अकरा अक्षरांची लहान-मोठी मिसळ असेल तर यूट्यूबच्या व्हिडिओचा क्रमांक असू शकतो. तो हाताने टाइप करताना लहान-मोठं अक्षर चुकलं की दुसरंच काहीतरी उघडतं किंवा काहीच उघडत नाही.

पायरी ४: टक्क्यांचं जंजाळ

लिंकमध्ये रिकामी जागा चालत नाही, म्हणून तिथे ‘%२०’ येतं. देवनागरी अक्षरंही अशीच बदलून जातात. एकच शब्द घ्या: नाशिक. संगणकाच्या लेखी ही पाच चिन्हं आहेत: न, काना, श, ऱ्हस्व वेलांटी, क. प्रत्येक देवनागरी चिन्हाला तीन बाइट लागतात आणि लिंकमध्ये प्रत्येक बाइट टक्का अधिक दोन अक्षरं असा लिहिला जातो. न झाला ‘%ई०%ए४%ए८’, काना झाला ‘%ई०%ए४%बीई’. पाच चिन्हांची पंचेचाळीस अक्षरं झाली. मराठी विकिपीडियाच्या लेखाची लिंक व्हॉट्सॲपवर टाकली की ती कोसभर लांब दिसते ती यामुळे.

ओळखायची खूण: ‘%ई०%ए४’ किंवा ‘%ई०%ए५’ हा तुकडा सारखा सारखा येत असेल तर आत हिंदी किंवा मराठी मजकूर आहे. वाचायचा असेल तर इंटरनेटवर लिंक डीकोड करायची साधनं मोफत मिळतात, तिथे चिकटवा.

याचाच भाऊ म्हणजे मोडलेली मराठी. ईमेलमध्ये किंवा एक्सेलमध्ये डोक्यावर तिरकी रेघ असलेला रोमन ए आणि चार कोपऱ्यांना काड्या असलेलं गोल चिन्ह अशी जोडी ओळभर दिसते. तो व्हायरस नाही. युनिकोड (सगळ्या भाषांची अक्षरं साठवायची आजची पद्धत) मजकूर चुकीच्या पद्धतीने उघडला गेलाय. एक्सेलमध्ये सीएसव्ही फाईल डबल-क्लिक न करता ‘डेटा’मधून आत आणा आणि एन्कोडिंग यूटीएफ-८ निवडा, मराठी जागेवर येते.

जुन्या फाईलींचं दुखणं आणखी वेगळं. श्रीलिपी, कृतिदेव, शिवाजी अशा फॉन्टांत टाइप केलेला मजकूर पडद्यावर मराठी दिसतो, पण आत रोमन अक्षरं असतात. कॉपी करून चिकटवला की कचरा येतो. असल्या पीडीएफमधला मराठी शब्द गुगलला सापडत नाही, म्हणून तो कागद शोधताना शीर्षक टाकून बसू नका. तारीख, क्रमांक, खात्याचं नाव यांनी शोधा. मजकूर हवाच असेल तर युनिकोडमध्ये बदलणारी साधनं आहेत, पण जोडाक्षरं नजरेखालून घालावी लागतात.

पायरी ५: लिंकचं डोकं आणि शेपूट

लिंकमध्ये मालक ओळखायचा तर पहिल्या एकेरी तिरक्या रेघेच्या लगेच आधीचे दोन-तीन तुकडे बघा. ‘नाशिक.गव्ह.इन/…’ ही जिल्हा प्रशासनाची. ‘नाशिक.गव्ह.इन.काहीतरी.टॉप/…’ ही मात्र ‘काहीतरी.टॉप’वाल्याची, पुढचं नाशिक आणि गव्ह फक्त सजावट.

प्रश्नचिन्हानंतरचा भाग बहुतेक वेळा पाळतीचा असतो. ‘यूटीएम_सोर्स’, ‘एफबीसीएलआयडी’, ‘जीसीएलआयडी’ हे तुकडे तुम्ही कुठून आलात ते सांगतात. यूट्यूबच्या लिंकमधलं ‘एसआय=’ही शेअर करण्याच्या नोंदीसाठीच. ते खोडून पाठवलं तरी पान उघडतं. पण यूट्यूबमधलं ‘व्ही=’ किंवा गुगलमधलं ‘क्यू=’ खोडू नका, काम तेच करतात. गुगलच्या शोधाची लिंक कितीही लांब असली तरी तुम्ही काय शोधलं ते ‘क्यू=’ आणि पुढच्या ‘&’च्या मध्ये असतं. मग ती लिंक ग्रुपवर टाकण्याआधी, आपण काय शोधलं होतं हे चारचौघांना दाखवायचंय का, तेही ठरवा.

‘टोकन’ किंवा ‘की’ असा तुकडा दिसला तर लिंक फॉरवर्डच करू नका. काही संकेतस्थळांवर ती लिंक हातात असणं हीच ओळख मानली जाते.

पायरी ६: विचित्र नाव गुगलला कसं द्यायचं

सगळं नाव जसंच्या तसं चिकटवणं ही पहिली चूक. तारीख, अनुक्रमांक, ‘(१)’ हे तुमच्या फोनपुरतं असतं, जगात ते कुठेही सापडणार नाही. जो तुकडा सगळ्यांकडे सारखाच असेल तो निवडा. विंडोजने “०एक्स८००७०००५” अशी चूक दाखवली तर तेवढाच आकडा अवतरणचिन्हांत टाका (तो ‘परवानगी नाही’ असं सांगतोय). फोल्डरचा पूर्ण मार्ग टाकू नका, त्यात बऱ्याचदा तुमचं स्वतःचं नाव असतं. आधार, पॅन, खाते क्रमांक असलेली फाईलनावं तर शोधपेटीत जाताच कामा नयेत.

चार खुणा पुरतात. अवतरणचिन्हं म्हणजे हाच शब्दक्रम हवा. शब्दाच्या आधी चिकटून उणे म्हणजे हा शब्द नको. ‘साइट:’ म्हणजे फक्त या संकेतस्थळावर. ‘फाईलटाइप:पीडीएफ’ म्हणजे फक्त पीडीएफ. कोलनची दोन टिंबं (:) आणि पुढचा शब्द यांच्यात जागा सोडायची नाही. कधी कुणी ‘इनटायटल:’ आणि ‘इंडेक्स ऑफ’ असलेली लांबलचक ओळ पाठवतं. काही सर्व्हर आपल्या फोल्डरची उघडी यादी दाखवतात, तिच्या शीर्षकात ते शब्द असतात, त्या याद्या पकडायची ही युक्ती. कुणाचं दार उघडं राहिलंय म्हणून आत शिरू नका, आणि तिथली ईएक्सई तर मुळीच उतरवू नका.

नाशिकबद्दल जुनं काही शोधताना रोमनमध्ये दोन्ही स्पेलिंगं टाका, एचसह आणि एचविना. १८८३चं मुंबई इलाख्याचं नाशिकचं गॅझेटियर एचविना आहे, आणि इंग्रजी काळातले कितीतरी कागद तसेच.

जुनी मराठी पुस्तकं शोधणाऱ्यांना इंटरनेट अर्काइव्हवर ‘इन.अर्नेट.डीएलआय.२०१५.’ आणि पुढे आकडा अशी नावं भेटतात. ही डिजिटल लायब्ररी ऑफ इंडियाच्या संग्रहातली पुस्तकं. त्यातलं २०१५ हे पुस्तकाचं साल नव्हे. पुस्तक १९२०चंही असू शकतं. शीर्षकं रोमनमध्ये, मनाला येईल त्या स्पेलिंगने टाकलेली आहेत. पूर्ण शीर्षकाऐवजी लेखकाचं आडनाव टाकून दोन-तीन प्रकारे शोधा. फाईलींमध्ये ‘डीजेव्हीयू.टीएक्सटी’ने संपणारी फाईल उघडू नका असं मी सांगेन. ती यंत्राने वाचलेली मराठी आहे आणि वाचून डोकं दुखतं. पीडीएफ घ्या.

आता सापळा. तुम्ही कितीही चमत्कारिक नाव शोधलं तरी नेमकं तेच नाव शीर्षकात असलेलं एक पान सापडतं, आणि पुढे ‘फुल’, ‘क्रॅक’, ‘फ्री डाउनलोड’, चालू वर्ष. लोक जे शोधतात त्या ओळी गोळा करून यंत्राने अशी पानं हजारोंनी बनवली जातात. फाईल तिथे नसते. हिरवं बटण असतं, आणि ते दाबलं की पासवर्ड घातलेलं झिप उतरतं, कारण पासवर्ड असला की अँटीव्हायरसला आत डोकावता येत नाही. तुमचा शब्द जुळला म्हणून पान खरं ठरत नाही.

घाबरू नका अशी काही

‘~$’ने सुरू होणारी वर्डची फाईल म्हणजे मूळ फाईल कुठेतरी उघडी आहे. ‘सीआरडाउनलोड’ म्हणजे क्रोमचं अर्धवट डाउनलोड. ‘थंब्स.डीबी’, ‘डेस्कटॉप.आयएनआय’, मॅकवरून आलेली ‘.डीएस_स्टोअर’, फोनमधली ‘.नोमीडिया’: यंत्राची घरकामं, राहू द्या. ‘क्रिप्ट१५’ने संपणारी व्हॉट्सॲपचा बॅकअप असते, ती मात्र जागा करायच्या नादात उडवू नका.

कंस आणि आकडा माणसाच्या घाईचा. लासलगावच्या व्यापाऱ्याकडून आलेली ‘कांदा भाव फायनल (३)’ ही चौथी आवृत्ती असेलच असं नाही; त्या नावाची फाईल तुमच्या फोनवर बहुधा चौथ्यांदा उतरली आहे. त्यात आजचे भाव आहेत का हे नावावरून कळणार नाही, उघडून वरची तारीख बघा.

एवढं करूनही उमगलं नाही तर फाईल न उघडता व्हायरसटोटल या फाईली तपासणाऱ्या संकेतस्थळावर तपासा. तिथे टाकलेली फाईल इतर अभ्यासकांनाही मिळू शकते, म्हणून घरची कागदपत्रं तिथे टाकू नयेत. आणि एखाद्या जाणकाराला विचारणार असाल तर फाईल फॉरवर्ड करू नका. पूर्ण नाव शेपटासकट, फाईलचा आकार, आणि ती कोणाकडून कधी आली, एवढं लिहून पाठवा.